चादरीच्या मोहिमेची हकीकत

सकलगुणमंडित, तिकीट काढोन बसणारे प्रेक्षकजन यांचे सेवेसी. छायालेखनकर्त्या, म्हणजे कॅमेरा चालविणाऱ्या, बाईंनी पडद्यावर आपले नाव कैसे मिळविले, ते साद्यंत लिहावे ऐसी आज्ञा जाहली, त्यावरून लिहिले असे. तिखटमीठ थोडके लाविले आहे, ते गोड मानावे.

पूर्वी बाईंनी तीन सिनेमे केले. पहिल्याचा निर्माता पसार जाहला, दुसरा डब्यातच राहिला, आणि तिसऱ्यात नाव आले ते 'विशेष आभार' या सदरी, केटरर आणि झेरॉक्सवाले यांचे मध्ये. घरी आईसाहेब पुसत, "पण तू तिथे नक्की करतेस काय?" तो घाव जिव्हारी बसला. मग चौथे सिनेमाची मसलत पडली, आणि राजश्री दिग्दर्शकांनी कौल दिला की, शेवटला शॉट फत्ते होताच तुमचे नाव एकटे, पडदाभर.

शॉट तो येवढाच की, दिग्दर्शकांच्या मावशीसाहेब, ज्या सिनेमाच्या नायिका, त्यांनी खिडकीशी बसोन पत्र वाचावे आणि मान वर करावी. दोन दिवस तालीम जाहली. सव्वाचार वाजता ऐसा मऊ उजेड येई की, हा आपल्या नजरेचा प्रताप, ऐसे बाई चारचौघांत सांगत. तिसरे दिवशी शॉट, आणि चौथे दिवशी मावशीसाहेबांचे डोळ्याचे ऑपरेशन मुक्रर. आज साधले तर साधले, नाही तर सिनेमा अपुरा आणि नावही गेले.

सरंजाम मांडला, तो कॅमेऱ्याचे चौकटीत, कोपऱ्यास, गनीम फडफडला. वरचे मजल्यावरील काकूंची पांढरी चादर, खिडकीबाहेर वाळत लोंबणारी! काकूंकडे रोज चादर धुण्याचा शिरस्ता, परंतु दोन दिवस सर्वांची नजर मावशीसाहेबांवर, बाहेर कोण पाहतो? दिग्दर्शक खासे वकिलीस गेले, चहा पिऊन आले, आणि चादर हटली. तोच ऊन थेट आत घुसले. मावशीसाहेबांचा अर्धा चेहरा भाजला, अर्धा काळवंडला, आणि त्या म्हणाल्या, "अगं, मला पत्रच दिसेना."

मग बाईंचे डोक्यात उजेड पडला. मऊपणा तो चादरीतून गाळून येत होता, नजरेचा प्रताप कसला! समोरचे गच्चीवरील पाण्याचे टाकीआड सूर्य जाण्यास पंधरा मिनिटे उरली. बाई दोन-दोन पायऱ्या गाळीत वर गेल्या. तेथे चादर पलंगावर, आणि चादरीवर काका घोरत.

काकू म्हणाल्या, "आत्ता तर काढा म्हणालात. चादर आहे की चेष्टा?"

बाई खजील होऊन म्हणाल्या, "काकू, दोन दिवस मी फुशारकी मारत होते. उजेड तुमच्या चादरीचा होता."

ते ऐकोन काकू विरघळल्या, आणि तह जाहला. काकांस एका कुशीवरून दुसऱ्या कुशीवर लोटोन चादर सोडविली. मोबदल्यात काकूंचेही नाव पडद्यावर, ते बाईंचे खालीच, ऐसे एकच कलम ठरले. बाईंनी एकटेपण सोडिले. चादर दोन हात डावीकडे बांधोन टोक चौकटीबाहेर घेतले, मावशीसाहेबांनी मान वर केली, आणि शॉट साधला.

पुढे सिनेमा लागला. छायालेखनापुढे बाईंचे नाव आले, आणि खाली 'चादर: वरच्या काकू'. आईसाहेब शेजारी बसल्या होत्या, त्या पुसत्या जाहल्या, "त्या काकूंचं कळलं. पण तू नक्की काय केलंस?"

बाई म्हणाल्या, "वर जाऊन चादर मागितली."

"मग एवढी वर्षं सांगायचंस ना सरळ," ऐसे बोलोन आईसाहेबांनी लेकीचा हात धरिला, तो सिनेमा संपेतो सोडिला नाही. येणेप्रमाणे फत्ते जाहली. हल्ली आईसाहेब सर्व नातलगांस सांगतात की, आमची मुलगी सिनेमात चादरी मागते, आणि बाई त्यात दुरुस्ती करीत नाहीत.