कप्तानाला डावा कौल

चातुर्मासात कुणी कांदा सोडतं, कुणी वांगं सोडतं. हुबळीच्या दाजीबानपेठेतले कापड दुकानदार मधुकरराव यांच्या पत्नी रुक्मिणीबाईंनी यंदा खोटं बोलणं सोडलं. कांद्या-वांग्याचा नेम असता तर तो स्वयंपाकघरात राहिला असता; हा नेम जिना उतरून थेट दुकानात आला. पहिल्याच आठवड्यात एका गिऱ्हाइकाने विचारलं, "वैनी, ह्या इरकलीचा रंग जातो काय हो?" आणि रुक्मिणीबाई जराही आवाज न चढवता म्हणाल्या, "जातो. पहिल्या धुण्यात जातो आणि शेजारच्या कपड्यांना लागतो."

त्या दिवसापासून मधुकररावांनी त्यांना दुकानात उतरायची बंदी केली. "देवाचं देवाला, दुकानाचं दुकानाला," ते म्हणाले. रुक्मिणीबाईंना काही वाईट वाटलं नाही. वरच्या मजल्यावर त्यांचं देवघर होतं, देवघरात अंबाबाईचा पितळी मुखवटा होता, आणि बाईंचं अर्धं आयुष्य तिच्याशी बोलण्यातच गेलं होतं. अडलेल्या प्रश्नाला त्या कौल लावत. फुलाच्या दोन ओल्या पाकळ्या मुखवट्याच्या दोन्ही गालांना चिकटवायच्या, हात जोडून विचारायचं, आणि वाट बघायची. उजवी आधी पडली तर हो, डावी पडली तर नाही.

एका सकाळी त्या असाच कौल लावून बसल्या असताना त्यांचा मुलगा प्रशांत संजीव सरांना घेऊन वर आला. प्रशांत कॉलेजच्या बास्केटबॉल संघाचा कप्तान होता आणि सर प्रशिक्षक. नव्या ट्रॅकसूटचं कापड बघायला आले होते, चहाला थांबले. सरांच्या खिशातला फोन सारखा गुरगुरत होता.

"पालकांचा ग्रुप हो अक्का," सर कपाळ दाबत म्हणाले. "पहिली मॅच उद्या. आकाशच्या वडिलांना आकाश पाहिजे, लोकेशच्या मामाला लोकेश पाहिजे. जागा एक. गेल्या वर्षी सगळ्या मॅच हरलो, पण त्या हरण्यापेक्षा हे फोन वाईट. येन् माडोदु, काय करायचं, सांगा की." मग देवघराकडे बघून थकलेल्या आवाजात म्हणाले, "तुमची देवी काय म्हणते बघा एकदा. लोकेशला खेळवू काय?"

ते थट्टेत बोलले होते. पण रुक्मिणीबाईंच्या घरी देवीशी थट्टा करायची पद्धत नव्हती. त्यांनी नव्या पाकळ्या लावल्या, विचारलं, आणि सरांच्या बशीतला चहा निवायच्या आत उजवी पाकळी पडली.

सरांनी तिथूनच आकाशच्या वडिलांना फोन केला. दत्तात्रेय हे त्यांचं नाव; तारिहाळच्या औद्योगिक वसाहतीत त्यांचा स्वतःचा कारखाना, आवाज लेथ मशीनच्या वर जाणारा. सर म्हणाले, "साहेब, मी नाही ठरवलं. अंबाबाईनं ठरवलं." दत्तात्रेय म्हणजे रोज सकाळी मशीनला उदबत्ती ओवाळून मगच बटण दाबणारा माणूस; बोलणार काय?

दुसऱ्या दिवशी लोकेशने शेवटच्या मिनिटात बास्केट टाकली आणि संघ जिंकला. हे इतकं अनपेक्षित होतं की मुलांना आनंद कसा करायचा तेच कळेना. त्यांनी सवयीने समोरच्या संघाचंच अभिनंदन केलं.

मग मात्र सरांना चटक लागली. प्रत्येक मॅचच्या आदल्या दिवशी ते जिना चढू लागले. आधी 'याला खेळवू का, त्याला खेळवू का' एवढंच होतं. पुढे डावपेचही देवीकडे आले.

"अक्का, झोन डिफेन्स करायचा का मॅन-टू-मॅन, तेवढं विचारा."

"देवीला कळेल असं सांगा की सर."

सरांनी हातवारे करून सांगितलं. रुक्मिणीबाईंनी डोळे मिटले. "आई, पोरांनी आपापल्या जागेवर उभं राहून राखण करावी म्हणतेस का? का एकेकानं एकेकाच्या मागं लागावं? मागं लागणं बरं दिसत नाही, पण तुझी मर्जी." पाकळी उभं राहण्याच्या बाजूने पडली. संघाने झोनचा सराव कधी केलाच नव्हता. मुलं आपापल्या जागेवर अशी घट्ट उभी राहिली की समोरच्यांना वाटलं, यात काहीतरी मोठी युक्ती आहे. ती शोधता शोधता ते हरले.

सरांच्या कपाळावरच्या आठ्या गेल्या. ग्रुपवर भांडणं बंद होऊन रोज सकाळी फुलांची चित्रं येऊ लागली. फक्त दत्तात्रेय अस्वस्थ होते. एके दिवशी ते हातात पाणसळ घेऊनच आले.

"राग मानू नका वैनी. देवीवर माझा पूर्ण विश्वास आहे. पण देव्हारा लेव्हलमध्ये आहे काय, एवढं बघू द्या. उजवीकडं थोडा उतार असला तर लोकेशचा फायदा होतो."

रुक्मिणीबाईंनी त्यांना हातपाय धुवायला लावले, मग पाणसळ धुतली, तिला हळदकुंकू लावलं आणि मगच देव्हाऱ्यात ठेवू दिली. बुडबुडा बरोबर मधे थांबला. दत्तात्रेयांनी दुसऱ्या बाजूने ठेवून पाहिली, पंखा बंद करून पाहिली. शेवटी देवीला लोटांगण घातलं आणि जाताना कॉलेजच्या मैदानाचीच लेव्हल तपासायला गेले.

असं करत करत संघ फायनलला पोचला. गाठ धारवाडच्या कॉलेजशी होती, आणि हुबळीच्या माणसाला धारवाडकडून हरणं किती जड जातं हे धारवाडच्या माणसालाच ठाऊक. घरात मात्र वेगळीच काळजी होती. सेमीफायनलमध्ये प्रशांतचा एकही चेंडू जाळीत गेला नव्हता. हे त्याचं शेवटचं वर्ष. दिवाळीनंतर तो वडिलांच्या गादीवर बसणार होता, आणि मग हातात चेंडूऐवजी मोजपट्टी. ही एक मॅच त्याला खेळायचीच होती.

फायनलच्या आदल्या सकाळी सरांचा फोन आला. आवाज पडलेला. "अक्का, कसं विचारू? कप्तानाला सुरुवातीपासून उतरवू का, तेवढा कौल घ्या. पंधरा मिनिटांनी फोन करतो."

रुक्मिणीबाईंनी चांगल्यातली चांगली दोन फुलं निवडली. मधुकरराव दुकान तसंच टाकून वर आले. प्रशांत दाराशी उभा राहिला. पाकळ्या बराच वेळ हलल्या नाहीत. मग डावी पडली.

मधुकररावांनी वाकून ती पाकळी बोटाने चाचपून पाहिली. म्हणाले, "अगं, ती पाकळी फार ओली होती."

"दोन्ही ओल्या होत्या."

"मग परत लाव."

"तिनं एकदा सांगितलंय. परत परत विचारायला ती काय गिऱ्हाईक आहे?"

"बरं. मग सरांना उजवा पडला म्हणून सांग. एवढं एकच."

"माझा नेम आहे हो."

तेवढ्यात फोन वाजला. मधुकररावांनी तो झडप घालून उचलला. "दे इकडं. माझा काही नेम नाही!" आणि खणखणीत आवाजात म्हणाले, "नमस्कार सर! उजवा पडला बघा. एकदम उजवा. धप्पकन!"

"अरे वा! छलो आतु, झकास झालं!" सर म्हणाले.

"डावा पडला, सर," मागून अगदी मऊ आवाज आला. रुक्मिणीबाई निरांजनाची वात सारखी करत होत्या. त्यांनी मान वर केली नव्हती.

मधुकररावांनी बायकोकडे पाहिलं, फोनकडे पाहिलं, आणि दुकानात निघून गेले. प्रशांत म्हणाला, "तुझ्यापेक्षा आकाशचे वडील बरे. ते निदान पोरासाठी पाणसळ घेऊन फिरतात." त्या दिवशी तो जेवला मित्राकडे. रुक्मिणीबाई मात्र जेवल्याच नाहीत. कुठल्या वाराचा उपास, असं शेजारणीने विचारलं तेव्हा त्या म्हणाल्या, "वाराचा नाही. घास उतरंना."

फायनल रविवारी दुपारी धारवाडला होती. सरांनी गळ घातली म्हणून रुक्मिणीबाई देवीला तांब्याच्या डब्यात घालून, मांडीवर घेऊन, प्रेक्षकांत पहिल्या रांगेत बसल्या. शेजारी दुकान बंद करून आलेले, पण न बोलणारे मधुकरराव. मागे दत्तात्रेय. समोर बाकावर ट्रॅकसूटची चेन गळ्यापर्यंत ओढून बसलेला कप्तान.

मॅच चुरशीची झाली. दर टाइम आऊटला सर खेळाडूंकडे न जाता थेट कठड्याकडे धावत. "अक्का, लांबून मारू का जवळून?" दुसऱ्यांदा ते धावले तेव्हा पंचांनी शिट्टी मारली.

"कोच, बेंच सोडून कुठं जाता? त्या बाई कोण? असिस्टंट कोच काय?"

"नाही सर," संजीव सर प्रामाणिकपणे म्हणाले. "डब्यात आहेत त्या मुख्य कोच."

पंच कठड्यापर्यंत आले. डब्यात वाकून पाहिलं. पायातले बूट काढले, दोन्ही हात जोडून नमस्कार केला, बूट परत घातले, आणि मग टेक्निकल फाऊल दिला.

त्यानंतर सगळं घसरत गेलं. घाबरलेल्या मुलांनी फाऊलवर फाऊल केले. लोकेशचे पाच झाले आणि तो बाहेर गेला. दोन मिनिटं उरली असताना आकाशचा पाय मुरगळला. दत्तात्रेय "बेअरिंग गेलं!" असं ओरडून उभे राहिले. बाकावर आता प्रशांत होता आणि पहिल्या वर्षाची दोन मुलं, ज्यांना अजून कुणी चेंडू दिला नव्हता.

सरांना बाक सोडता येईना. त्यांनी तिथूनच हाक मारली, "अक्काऽ! प्रशांतला घालू काय? विचारा लवकर!"

सगळं मैदान वळून रुक्मिणीबाईंकडे बघू लागलं. प्रशांत मात्र जमिनीकडे बघत होता. मधुकररावांनी डोळे मिटून घेतले.

रुक्मिणीबाईंनी फूल हातात घेतलं. पाकळी खुडली. क्षणभर मुखवट्याकडे पाहत राहिल्या. मग ती पाकळी देवीपुढे ठेवून त्यांनी पुटपुटत काहीतरी म्हटलं, डब्याचं झाकण लावलं आणि त्यावर पदर पांघरला.

"देवी निजली, सर," त्या म्हणाल्या. "दुपारचा नैवेद्य झालाय. आता तुमचं तुम्ही बघा की."

"निजली? आत्ता?"

"आत्ताच निजवली."

अख्ख्या मोसमात पहिल्यांदाच संजीव सरांवर ठरवायची वेळ आली. त्यांनी बाकाकडे पाहिलं, वर आभाळाकडे पाहिलं. पंच घड्याळ दाखवू लागले. शेवटी प्रशांतनेच चेन खाली ओढली, ट्रॅकसूट बाकावर टाकला आणि मैदानात चालू लागला. सर मागून म्हणाले, "हां, हां. तेच म्हणत होतो."

शेवटचे काही क्षण. हुबळी एका गुणाने मागे. प्रशांत चेंडू घेऊन घुसला, त्याला धक्का बसला, दोन फ्री थ्रो मिळाले. पहिला टाकला. चेंडू कडीला लागून बाहेर. दुसरा टाकला. चेंडू फळीवर आपटला, कडीवर नाचला आणि बाहेर यायला लागला. तेव्हा धारवाडचा सगळ्यात उंच मुलगा तो दूर फेकण्यासाठी जिवाच्या आकांताने उडाला, आणि त्याच्या बोटांना लागून चेंडू सरळ जाळीत गेला.

शिट्टी झाली. मग गुणलेखकांच्या टेबलाशी बराच वाद झाला. शेवटी माइकवरून सांगितलं गेलं की चुकून आपल्याच बास्केटमध्ये चेंडू टाकला तर ते दोन गुण समोरच्या संघाच्या मैदानात असलेल्या कप्तानाच्या नावावर लागतात, असा नियम आहे. प्रशांतला मुलांनी खांद्यावर घेतलं. मधुकरराव इतके हरखले की रुसलोय हे विसरून बायकोचा हात धरून नाचायला लागले. डबा सांभाळायला रुक्मिणीबाईंना फार कष्ट पडले. संजीव सर भेटेल त्याला सांगत होते, "कप्तानाला शेवटी उतरवायचं, हे मी ठरवलं होतं."

संध्याकाळी मायलेक हुबळी-धारवाडच्या जलद चिगरी बसमधून हुबळीला परतत होते. मधुकरराव मागच्या सीटवर अनोळखी प्रवाशांना मॅच सांगत होते. त्यांच्या सांगण्यात दोन्ही फ्री थ्रो आत गेले होते. खिडकीबाहेर नवलूर मागे पडलं तेव्हा प्रशांत हळूच म्हणाला, "आई, एक विचारू? तू कौल का नाही घेतलास?"

"घेतला असता आणि परत डावा पडला असता," रुक्मिणीबाई म्हणाल्या, "तर मला परत खरं बोलावं लागलं असतं. एकदा बोलून बघितलं. दुसऱ्यांदा जमलं नसतं."

प्रशांतने आईच्या मांडीवरचा डबा उचलून आपल्या मांडीवर घेतला. मग जरा हसत म्हणाला, "आणि उजवा पडला असता तर? सगळ्यांसमोर छाती काढून गेलो असतो की मी मैदानात!"

"गेला असतास. पण तेवढी खात्री नव्हती रे."

"देवीची?"

रुक्मिणीबाईंनी पदर सारखा केला. चातुर्मास संपायला अजून अवकाश होता.

"देवीची होती," त्या हळूच म्हणाल्या. "तुझी नव्हती."