सोन्याच्या रस्त्याला नानाची हरकत

माझा साडू सुकलाल नाना नवा रस्ता दिसला की त्याच्यावर पाणी ओततो.

त्याच्या पिशवीत पाण्याची बाटली असतेच. कुठं डांबर पडो, काँक्रीट पडो, कोणाच्या अंगणात फरशी बसो, नाना उकिडवा बसणार, धार सोडणार आणि पाणी कोणीकडं पळतं ते बघत राहणार. मग मान वर करून, ज्याचा रस्ता असेल त्याला विचारणार, "याचं पानी कुठी जाईन?" जन्मभर केळीच्या बागेत पाणी फिरवलं. त्याला वाटतं, जगात विचारण्यासारखं तेवढंच आहे.

असोद्यात त्याचं घर आणि माझं घर एका गल्लीत. त्याची बायको माझ्या बायकोची मोठी बहीण. ती गेली आणि नानाला आवरायचं काम माझ्या गळ्यात पडलं. मी तिसरीपर्यंत शिकलेला माणूस, पण गावात ताठ राहिलो. मान खाली गेली ती या एका माणसापायी. जळगावला भाचीच्या लग्नाचे दागिने घ्यायला गेलो होतो. सराफाच्या दुकानातली संगमरवरी फरशी पाहून यानं बाटली काढलीच. वॉचमन धावत आला. नाना त्यालाच म्हणतो, "भाऊ, दाराकडं उतार हाये. काम चांगलं केलं." मी त्याचा कोणीच नाही असं तोंड करून कर्णफुलं बघत उभा राहिलो. तेवढ्यात मागून आवाज आला, "तो तिकडं उभा ना, तो माहा साडू!"

नानाची मुलगी सुनंदा धुळ्याला दिली आहे. जावई रोज नरडाण्याला कारखान्यात जातो. त्यांची गौरी चौथीत आहे. उन्हाळ्याच्या सुट्टीत ती असोद्याला येते, येताना गोष्टीचं एक पुस्तक आणते आणि संध्याकाळी ओट्यावर बसून नानाला वाचून दाखवते. यंदाच्या पुस्तकात एक पोरगी रानात चुकते आणि तिच्या पायाशी सोन्याच्या विटांचा रस्ता उगवतो. त्याच्यावरून चालत गेलं की आपलं घर येतं. ही गोष्ट म्हणे पोराटोरांत फार गाजलेली आहे. माझ्या कानावर ती पहिल्यांदाच आली.

"सोन्याच्या इटा?" नाना खाटेवर उठून बसला. "पिवळ्या रंगाच्या, का सोन्याच्या?"

"चोख सोन्याच्या, नाना."

"मंग उतार कोणीकडं काढला?"

"अहो नाना, जादूचा रस्ता आहे तो!"

"जादूचा राहो नाहीतर सरकारी, पाऊस तर पडीन ना? पानी कुठी जाईन?"

गौरीनं पान उलटलं. पोरगी अनवाणी चालायला लागली. नाना पुन्हा उठला. "वैशाखात? आपल्या जळगावच्या उन्हात सोनं तापलं तर लेकराच्या पायाचे पापड होतीन. तिच्या मायनं चपला नाही दिल्या का?"

दुसऱ्या दिवशी त्याला नवं सुचलं. "रस्त्याची खडी येते ब्रासानं. सोनं येते तोळ्यानं. ब्रासानं सोनं कोन्या सराफानं मोजलं?" तिसऱ्या दिवशी त्याच्या बोलण्यात केळीचा ट्रक निघाला. "सोनं मऊ राहते, पोरी. भरलेली गाडी गेली का हातभर चरी." आणि त्याच्यानंतर, माझ्याकडं बोट करून, "आन इटा जागेवर राहतीन का? हा तात्या बसला ना इथी, पहिली ईट हाच उचलीन."

"मी?" मी म्हटलं. "मी आजवर कोणाच्या बांधावरची काडी उचलली नाही!"

"काडी सोन्याची नव्हती म्हनून."

तिथून आमची जुंपली. जी वीट जगात नाही तिच्यापायी दोन म्हातारे एकमेकांचं बापजाद्यांपासूनचं काढत होते. गल्लीतली माणसं दारात येऊन उभी राहिली. कोणी तरी विचारलं, "नाना, सोन्याच्या रस्त्याचं टेंडर निघालं का?" मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. गौरी मांडीवर पुस्तक उघडं ठेवून आमच्याकडं बघत होती.

"शेवटपर्यंत ऐका ना," ती रोज म्हणायची. "शेवट छान आहे."

"रस्ताच पक्का नाही, तर शेवट येईन कसा?"

एका संध्याकाळी तिनं पुस्तक खाडकन मिटलं. डोळे भरले होते. "तुम्ही गोष्ट ऐकतच नाही नाना. मी तुम्हाला आता कधीच वाचून दाखवणार नाही!" तिनं आईला फोन लावला. सुनंदा येऊन तिला घेऊन गेली. एसटी हलताना नाना खिडकीखाली उभा होता. "दिवाळीत दुसरं पुस्तक आन हां, बेटा." ती पलीकडच्या बाजूला बघत राहिली. दिवाळीत आली नाही. गॅदरिंगची तालीम आहे, असा निरोप आला.

मी नानाला धरलं. "पोरीला कशापायी छळलं रे? आता बस ओट्यावर एकटा."

नाना नखानं खाटेची सुतळी उकरत बसला. मग खालच्या आवाजात म्हणाला, "मागच्या सालचं पुस्तक लवकर संपलं. संपलं का तिले धुळ्याची आठवन येते. मी म्हटलं, हे जरा लांबवू."

इतका ओशाळलेला मी त्याला कधी पाहिला नव्हता.

मग गौरीचा फोन आला, तोही माझ्याकडं. गॅदरिंगला तीच गोष्ट बसवली होती आणि रस्त्यावरून चालणारी पोरगी तीच होती. "तात्या, नानांना घेऊन या. पण त्यांना मधे बोलू देऊ नका. आणि बाटली आणू देऊ नका. माझ्या मैत्रिणी हसतील." मी हा निरोप नानाला जसाच्या तसा दिला. गोड करून सांगायची मला सवय नाही. त्यानं बाटली फळीवर ठेवली आणि धुतलेलं धोतर नेसला.

वाटेत पारोळ्याच्या पुढं रस्त्याचं काम चाललं होतं. रोलर, डांबर, सगळं होतं. नानानं मान दुसऱ्या खिडकीकडं वळवली. धुळ्यापर्यंत तो तोंड मिटून बसला, मास्तरानं कोपऱ्यात बसवलेल्या पोरासारखा. निरोप मी जरा बेतानं द्यायला पाहिजे होता, असं मला वाटत राहिलं.

रंगमंचावरचा रस्ता पुठ्ठ्याचा होता, वर सोनेरी कागद. गौरी निघाली आणि एक वीट तिच्या पायाला चिकटून सोबत चालू लागली. कोणी तरी ओरडलं, "रस्ता उखडला रे!" सगळा हॉल हसला. आता हा उठतो, असं म्हणून मी नानाचा सदरा मुठीत धरला. नानानं दोन्ही ओठ आत घेतले होते. गौरीनं वाकून वीट सोडवली, जागेवर ठेवली आणि पुढं गेली.

रस्त्याच्या शेवटाला कापडाचं घर होतं. दारात कापसाची दाढी लावलेला एक पोरगा स्टुलावर बसला होता. गौरी धावत गेली आणि त्याच्या गळ्यात पडली. "आजोबा, मी आले!" पडदा पडला.

लोक टाळ्या वाजवत होते. नानाचे हात मांडीवरच होते.

"शेवट हा व्हता?"

"मला काय माहीत? तू तिथपर्यंत कुठं येऊ दिलं?" मी बोललो आणि जीभ चावली.

थोड्या वेळानं गौरी आली. गालावर रंग तसाच. दोन मैत्रिणी मागं उभ्या होत्या. "नाना, आवडलं?"

नानानं माझ्याकडं पाहिलं. बोलू का, असं त्याचे डोळे विचारत होते. माझीच मान खाली गेली.

"बोल ना आता," मी म्हटलं.

"तो म्हातारा," नाना गौरीला म्हणाला, "तो दारात कधीचा बसेल व्हता?"

गौरीनं विचार केला. "पुस्तकात नाही दिलं, नाना."

"द्याले पाहिजे व्हतं."

गौरी तशीच उभी राहिली. मैत्रिणींनी हाक मारली, ती गेली नाही. नानाच्या शेजारच्या खुर्चीवर मी होतो. मी उठलो.