एकशे सोळावा हप्ता

भगवंत शेवाळेचा हिशोब आजवर कधी चुकला नाही, ही गोष्ट बोईसरमध्ये बऱ्याच लोकांना ठाऊक होती. ठाऊक असणारच, कारण भगवंत ती प्रत्येकाला स्वतः सांगत असे.

त्यात खोटंही काही नव्हतं. तारापूर एमआयडीसीतल्या एका रंगाच्या कारखान्यात तो ऑपरेटर होता आणि खात्यातली भिशी बारा वर्षं त्याच्याच हातात होती. वीस माणसं, दरमहा प्रत्येकी पाच हजार, दर महिन्याला एक चिठ्ठी. ज्याची चिठ्ठी निघेल त्याला एकरकमी लाख रुपये. वीस महिन्यांत प्रत्येकाची पाळी एकदाच. कुणाला पहिल्या महिन्यात मिळो नाहीतर विसाव्या, घ्यायचे लाख आणि भरायचेही लाखच. व्याज नाही, कागद नाही, सही नाही. सगळा कारभार भगवंतच्या शब्दावर, आणि बारा वर्षांत रुपया इकडचा तिकडे झाला नव्हता.

साडेनऊ वर्षांपूर्वी त्याने पाम गावच्या रस्त्याला वन बीएचके फ्लॅट घेतला. चार लाख गाठीचे, पंधरा लाख बँकेचे, हप्ता तेरा हजार. बँकेने चाळीस पानांचा गठ्ठा पुढे केला आणि भगवंतने साठ सह्या एकही ओळ न वाचता ठोकल्या. वाचायचं काय त्यात? पंधरा लाख घेतले, पंधरा लाख फेडायचे. मोठी भिशी, दुसरं काय! व्याज असतं हे त्याने ऐकलं होतं, नाही असं नाही. पण ते त्या 'प्रोसेसिंग फी'मध्ये आधीच कापून घेतलं, असा त्याने स्वतःचा समज करून घेतला होता आणि भगवंतचा समज एकदा झाला की तो आरसीसीचा असे.

दर हप्त्याला तो कपाटाच्या दाराच्या आतल्या बाजूला बॉलपेनने एक रेघ ओढायचा. मध्ये एकदा व्याजदर वाढल्याचं बँकेचं पत्र आलं. कारखान्यात सगळ्यांचे चेहरे पडले. भगवंत मात्र मिशीत हसला.

"माझा हप्ता एक रुपयानं वाढला नाही," त्याने जाहीर केलं. "बँकसुद्धा माणूस बघून वागते."

"अहो, ते पत्र एकदा नीट वाचून तर बघा की," आनंदी म्हणाली होती. ती त्याची बायको. सांगलीकडून लग्न होऊन आल्यापासून हे वाक्य ती निरनिराळ्या कागदांबद्दल बोलत आली होती.

तर अशा एकशे पंधरा रेघा झाल्या. चौदा लाख पंचाण्णव हजार. उरले फक्त पाच हजार. म्हणजे एकशे सोळावा हप्ता शेवटचा, आणि तोही लहानसा. भगवंतने रविवारी सत्यनारायण ठरवला. मनीष केटररला साठ माणसांचं जेवण सांगितलं. सगळी भिशी आमंत्रित, कारण त्याच दिवशी चिठ्ठीही काढायची होती. आणि कुणालाही न विचारता त्याने काळ्या ग्रॅनाइटची पाटी करून आणली. तीवर सोनेरी अक्षरांत एकच शब्द: ऋणमुक्ती.

"दारावर लावायची," तो म्हणाला.

"बँकेची चिठ्ठी आल्यावर लावा," आनंदी म्हणाली.

शुक्रवारी पहिली पाळी संपवून भगवंत बँकेत गेला. एका हातात पाच हजारांचं पाकीट, दुसऱ्या हातात पेढ्यांचा डबा. कर्जाच्या टेबलावर तेजल राऊत नावाची, जवळच्या माहीम गावची मुलगी होती. तिने पेढा घेतला. शेजारच्या कॅशियरने घेतला. सिक्युरिटीवाल्याने दोन घेतले. मग भगवंतने पाकीट पुढे सरकवलं.

"शेवटचे पाच हजार. मोजून घ्या."

तेजलने खातं उघडलं. पेढा चावता चावता ती थांबली.

"काका, तुमचे अकरा लाख वीस हजार बाकी आहेत."

"दुसऱ्या कुणाचं खातं उघडलं असशील."

"भगवंत शेवाळे, पामचा फ्लॅट. एकशे पंधरा हप्ते भरलेत. एकशे एकोणचाळीस राहिलेत."

भगवंतने बोटांवर बेरीज केली. "वीस वर्षांचे दोनशे चाळीस होतात. हे दोनशे चोपन्न कसे?"

"मधे दर वाढला ना काका, तेव्हा आम्ही तुमचा हप्ता तोच ठेवला आणि मुदत वाढवली. पत्र पाठवलं होतं."

"मग मी साडेनऊ वर्षं भरले ते चौदा लाख पंचाण्णव हजार गेले कुठं?"

तेजलने एक कागद छापून दिला. मुलगी मनाने चांगली होती, आकडा मोठ्याने बोलली नाही, नुसतं बोट ठेवलं. व्याजापोटी अकरा लाख पंधरा हजार. मुद्दलात जमा तीन लाख ऐंशी हजार. दोनशे चोपन्न हप्ते पुरे होईपर्यंत एकूण भरणा तेहतीस लाख दोन हजार. पंधरा लाखांच्या कर्जावर.

भगवंत उठला. डबा टेबलावरच राहिला आणि तो परत मागायला फार उशीर झाला होता.

घरी आल्यावर त्याने आनंदीला कागद दाखवला. तिने तो शेवटच्या ओळीपर्यंत नीट वाचला. अकरावीतल्या स्वराने मोबाइलवर भागाकार केला आणि सांगितलं, "बाबा, कर्जाचा चौथा हिस्सा फिटलाय म्हणजे."

भगवंतने टेप काढून फ्लॅट मोजला. चौथा हिस्सा म्हणजे स्वयंपाकघर, मोरी आणि पॅसेजमधल्या चार फरश्या. हॉल बँकेचा. बेडरूम बँकेची. गॅलरीतली तुळससुद्धा बँकेच्या जागेत. तो स्वयंपाकघरात पाट टाकून बसला आणि हॉलमध्ये यायचं नाव घेईना.

त्याला खरोखर लाज वाटत होती. पैशांची कमी, माणसांची जास्त. स्वतःच्या कर्जाचा हिशोब ज्याला कळत नाही, त्याच्या हातात वीस माणसं भिशी कशी ठेवतील? साठ लोकांपुढे ही गोष्ट सांगण्यापेक्षा पूजाच रद्द केलेली बरी, असं ठरवून त्याने मनीष केटररला फोन लावला.

"भगवंतभाई, चना भिगो दिया है," मनीष म्हणाला. "भीगा हुआ चना वापस सूखता है क्या? एडवान्स भी नहीं मिलेगा."

इथेच थांबतं तर निभावलं असतं. पण मनीष हा विक्रमने सुचवलेला केटरर. विक्रम म्हणजे भगवंतचा खालच्या मजल्यावरचा शेजारी, कारखान्यातला सोबती आणि भिशीतला सात नंबर. मनीषने त्याला लगेच कळवलं आणि पाच मिनिटांत तो वर आला. हॉल रिकामा. भगवंत स्वयंपाकघरात पाटावर, पुढ्यात कागद.

"काय झालं रे? बाहेर ये की."

"बाहेर नको. इथंच बरं आहे."

"पूजा का रद्द करतोयस?"

भगवंतने आवाज खाली आणला. "पैशांची जरा गडबड झाली. माझ्या हातून झाली. कुणाला बोलू नकोस."

विक्रमने कुणालाही सांगितलं नाही. फक्त बायकोला सांगितलं, की भगवंतच्या हातून भिशीच्या पैशांची गडबड झालीय आणि बिचारा घरात लपून बसलाय. शनिवारी पहिल्या पाळीच्या चहापर्यंत ही गोष्ट एकोणीसच्या एकोणीस मेंबरांना कळली. जेवणाच्या सुट्टीपर्यंत भगवंत शेअरबाजारात बुडाला होता. पाळी सुटेपर्यंत त्याने बोईसर सोडून पळून जायचं तिकीट काढलेलं होतं. एकट्या भगवंतला यातलं काही माहीत नव्हतं. सगळे आपल्याकडे बघून बोलणं थांबवतात, म्हणजे कर्जाची बातमी फुटली, एवढंच त्याला वाटलं.

"देव रद्द होत नसतो," आनंदी म्हणाली आणि रविवारी पूजा झाली.

अशी पूजा मात्र कुणी पाहिली नसेल. भिशीचे झाडून सगळे मेंबर वेळेआधी हजर. दोघे दाराजवळ बसले, तिघे जिन्यात उभे, एक जण उगाच खाली भगवंतच्या मोटरसायकलवर बसून राहिला. साधुवाण्याच्या कथेत वाण्याची नाव बुडाली, तेव्हा हॉलमधल्या सगळ्या मेंबरांनी एकदम भगवंतकडे पाहिलं. आरती झाली. प्रसादाला कुणी हात पुढे करीना.

भिशीत विक्रमगडकडचे जिव्या आणि अंकुश हे दोघे भाऊ मिळून एक नाव होतं. दोघेही कारखान्यात मालाच्या चढ-उताराला होते आणि गावी नव्या घराला पत्रे घालायला त्यांना लाख हवे होते. शेवटी जिव्याच उठला.

"भगवंतदादा, रागवू नको. पण आमचे पैसे हाय का नाय, तेवढं सांग. भिंती उभ्या करून बसलोय आमी."

"तुमचे पैसे?" भगवंतला कळेना. "तुमच्या पैशांना काय झालंय?"

"विक्रमदादा बोलला, गडबड झाली."

विक्रम तुळशीकडे बघू लागला.

भगवंतच्या डोक्यात आता कुठे उजेड पडला. तो तडक स्वयंपाकघरात, म्हणजे स्वतःच्या मालकीच्या भागात गेला, तांदळाच्या डब्यातून पिशवी काढली आणि पाटावर उपडी केली. पाचशेच्या दोनशे नोटा. स्वराने सगळ्यांपुढे मोठ्याने मोजल्या. लाख भरले. जिन्यातले तिघे आत आले. मोटरसायकलवरचाही वर आला आणि त्याने पहिला प्रसाद मागितला.

"मग गडबड कसली?" विक्रमने विचारलं.

आता लपवण्यात अर्थ नव्हता. भगवंतने तो कागद काढला आणि पंधरा लाखांपासून तेहतीस लाखांपर्यंत सगळं वाचून दाखवलं. कुणी हसलं नाही. जिव्या मात्र डोकं खाजवत होता.

"दादा, एक इचारू? आपल्या भिशीत तुला पैले लाख भेटतात, कारण आमी बाकीचे थांबतो. मंग बँकेच्या भिशीत तुझ्यासाठी कोण थांबलाय?"

भगवंतने कागद खाली ठेवला. साडेनऊ वर्षांत, चाळीस पानांत आणि साठ सह्यांत त्याला हा प्रश्न पडला नव्हता.

"बँकच थांबलीय," तो हळूच म्हणाला. "एकटीच. आणि ती थांबायची मजुरी घेते. जितकी वर्षं थांबेल तितकी वर्षं."

मग विक्रम उठला. "माझा पण हप्ता वाढला नव्हता," असं पुटपुटत तो जेवण टाकून खाली कागद शोधायला गेला. त्याच्यामागे आणखी पाच जण आपापल्या घरी गेले. मनीषचे चणे पुष्कळ उरले.

त्या दिवशीची चिठ्ठी जिव्या-अंकुशची निघाली. महिन्याच्या आत त्यांच्या घरावर पत्रे चढले. भिशी भगवंतकडेच राहिली. ज्याने स्वतःचा तेहतीस लाखांचा मूर्खपणा चारचौघांत वाचून दाखवला, तो आपले पाच हजार लपवणार नाही, असा मेंबरांचा निवाडा होता. ग्रॅनाइटची पाटी आनंदीने उलटी करून ओट्यावर ठेवली. पोळ्या तिच्यावर फार छान लाटल्या जात.

दोन महिन्यांनी भगवंतची चिठ्ठी निघाली. यावेळी त्याने काहीही ठरवलं नाही. आनंदीने लाख रुपये पदराखाली धरले आणि दोघं बँकेत गेले. एकशे एकोणचाळीसातले दोन हप्ते तोवर भरून झाले होते. तेजलने लाख मुद्दलात जमा केले आणि नवा कागद दिला. हप्ते एकशे सदतीसचे एकशे सतरा झाले.

"लाखात वीस हप्ते उडाले?" भगवंत म्हणाला. "म्हणजे दोन लाख साठ हजार वाचले?"

"थांबायचा काळ कमी झाला ना काका."

येताना भगवंतची चाल बदललेली होती. वाटेत त्याने पाव किलो पेढे घेतले. घरात शिरला तो सरळ हॉलमध्ये, अगदी मधोमध खुर्चीवर बसला आणि स्वराच्या हातात पेढा ठेवला.

"सगळा हिशोब बसला बघ," तो म्हणाला. "एका भिशीत वीस हप्ते उडतात. राहिले एकशे सतरा. म्हणजे फक्त सहा भिशा. सहा वेळा माझी चिठ्ठी निघाली की कर्ज साफ. जास्त नाही, सहाच!"

स्वराने पेढा तोंडाजवळ नेला आणि थांबवला.

"बाबा, एक भिशी किती महिन्यांची असते?"

"वीस."

"मग सहा भिशा किती महिन्यांच्या?"

भगवंतने तोंड उघडलं. एकशे वीस हा आकडा त्याच्या ओठांवर आला आणि तिथेच राहिला. काहीही न करता नुसते हप्ते भरले तरी कर्ज त्याच्या तीन महिने आधी संपत होतं.

आनंदीने पेढ्यांचा डबा त्याच्या मांडीवरून उचलला, झाकण लावलं आणि उलट्या पाटीवर पोळ्या लाटायला घेतल्या.

"या आत," ती म्हणाली. "तुमच्या भागात बसा जरा."

भगवंत उठला आणि पाट घेऊन आत गेला.