द्वारकीची मरणं

"भावजी, मंगळवारी साडेसातला मी मरते हां. पिठल्यात मिरची कमी घालायला सांगा."

दोन घरांमधल्या दगडी गडग्यावरून असा निरोप देणारी बाई अख्ख्या दाभोळात एकच. आमची शेजारीण द्वारकी. सिनेमात नि टीव्हीच्या मालिकांत कामं करते. हिरवीण नव्हे. म्हाताऱ्या करते, नि त्या सगळ्या मरतात. मी शाळा चौथीत सोडली, पण एवढं मला कळतं की तिचं तोंडच तसं आहे. बघणाऱ्याला वाटतं, ही आता चालली.

आधी ती बंदरावर मासळी विकायची. नवरा माझ्याच होडीवर होता, तो गेला. पोरगा मुंबईला. एकदा शूटिंगवाले आले, त्यांना टोपलीवाली म्हातारी हवी होती. ही उभी राहिली. त्यांनी तिला तिथल्या तिथं मारली नि वर चहा पाजला.

ते मरण टीव्हीवर लागलं तेव्हा तिची खेडची बहीण पहिल्या एसटीनं छाती बडवत आली. "माझी द्वारकी गेली गोऽ!" दार द्वारकीनंच उघडलं, हातात अर्धा साफ केलेला बांगडा. बहीण तिच्याच गळ्यात पडून रडते, "कशी गो गेलीस?" नि ही तिला थोपटते, "रडू नको. सुखानं गेले."

मयताच्या घरी चूल पेटत नाही, पिठलं-भात शेजाऱ्यांनी द्यायचा, ही आमची रीत. रडणं ऐकून आमच्या हिनं पिठलं टाकलंच होतं. केलेलं परत कसं न्यायचं? मेलेलीनं दोनदा मागून घेतलं.

तेव्हापासून तेच. द्वारकी मेली की तिची चूल बंद. अख्खी वाडी टोप घेऊन तिच्या पडवीत, मधोमध टीव्ही. साप चावून मेली, जिन्यावरून पडून मेली, नातवाच्या वरातीत नाचता नाचता मेली. "गडगडत आले, पण पदर सुटला काय? नाय!" म्हणायची. "मरण कसं, भातासारखं शिजू द्यायचं. घाई केली तर कच्चं राहतं."

दुधातल्या विषानं मेली तेव्हा मी म्हटलं, "डोळा हलला तुझा." आठवडाभर बोलली नाही. मीही बोललो नाही. का म्हणून बोलू? हलला होता.

यंदा शिमग्यानंतर तिला मोठं काम आलं. खाडीपलीकडे अंजनवेलला शूटिंग, सकाळी फेरीबोटीनं जायचं, संध्याकाळी घरी. भरल्या घरातली आजी, रोज टीव्हीवर. मरायचंच नाही. नि ही बया नको म्हणाली!

मी गडगा ओलांडून गेलो. "येडी हायस काय गो? जन्मभर मेलीस, नि आता जगायचं काम आलं तर नको?"

ती सुकट निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "जगणारीच्या घरी पिठलं कोण आणतो, भावजी?"

मी उठलो. दारातून ओरडलो, "काम घे. पिठल्याचं मी बघतो."

तिनं घेतलं. मालिका सुरू झाली त्या संध्याकाळी वाडीतली सगळी आपापल्या घरी टीव्हीसमोर बसली. ती मरणार नव्हती, मग तिच्याकडे जायचं कुणाला सुचेल? मी आमच्या हिला पिठलं करायला लावलं नि टोप घेऊन आम्ही दोघं गेलो. टीव्हीत सुना-नातवंडांत बसून ती खदखदा हसत होती. इकडे पडवीत एकटीच.

"भावजी, आज मी मेले नाय."

"दिसतंय मला. ताट घे."

दोन घास खाल्ले नि रडायला लागली. टीव्हीत इतकं वाईट कधीच रडली नव्हती. नाक वाहत होतं, पदर कुठच्या कुठे.

"मिरची जास्त झाली हो," म्हणाली.

तिच्यासाठी म्हणून पिठल्यात मिरची घातलीच नव्हती.

"हो," मी म्हटलं, "जास्तच झाली."