आलोशियसच्या दुकानातला बोलका कॅमेरा

“आता माझ्या दुकानात माशी जरी शिरली ना, तरी मला मोबाईलवर दिसेल!” आलोशियसनं पापडी गावच्या नाक्यावर जाहीर करून टाकलं.

त्याचं दुकान लग्नाच्या गाऊनचं. कॅमेरा लावणाऱ्यानं जाताना बजावलं होतं, “अंकल, खोक्यावर कंपनीचा पासवर्ड छापलाय. तो आजच बदला.”

“अरे, गाऊन चोरून चोर घालणार कुठे?” आलोशियस खो खो हसला. मग रिकामं खोकं छातीशी धरून, नातू झाल्यासारख्या चेहऱ्यानं त्यानं फोटो काढला आणि दुकानदारांच्या ग्रुपवर टाकला. भराभर अंगठे आले!

शुक्रवारी दुपारी फ्लॉसी आपल्या मुलीला, जीनाला, घेऊन आली. जीनाचं लग्न हार्डवेअरवाल्या सॅमीच्या मेलरॉयशी ठरलं होतं. जीना आतल्या खोलीत गाऊन चढवायला गेली आणि काउंटरपाशी फ्लॉसीची जीभ सुटली.

“पोरगा सोन्यासारखा आहे रे, पण त्याची आई! नाताळात क्लारानं केक पाठवला, तर आमच्या कुत्र्यानं हुंगला आणि पाय मागे घेतला!”

गिऱ्हाईक म्हणजे देव. देवाला हसवायला आलोशियसनंही भर घातली, “आणि चर्चच्या कॉयरमध्ये गाते तेव्हा? अल्तारावरचे संत कानावर हात ठेवायचे तेवढे बाकी आहेत!”

दोघं डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली.

मायलेकी गेल्यावर दुकान शांत झालं. पुतणीच्या लग्नात नाचायचं होतं, म्हणून आलोशियसनं शटर अर्धं ओढलं, गाऊन घातलेल्या पुतळीची कंबर धरली आणि गिरकी घेतली.

“डावा पाय आधी, आलोशियस!”

आवाज वरून आला! पुतळी एकीकडे, आलोशियस दुसरीकडे! त्यानं घाईघाईनं कपाळावर, छातीवर क्रूस काढला.

“प्रार्थना नको करू, मी सॅमी आहे. कॅमेऱ्यातून बोलतोय.”

“तू माझ्या कॅमेऱ्यात कसा शिरलास?”

“तूच बोलावलंस! खोक्यावरचा नंबर, पासवर्ड, सगळं फोटोत वाचता येतंय. मी उघडलाय, शत्रुघ्न मिठाईवाल्यानं उघडलाय. आणखी किती जणांनी, देव जाणे.”

आलोशियस कॅमेऱ्याखाली येऊन उभा राहिला. “सॅमी... मघाशी फ्लॉसी आली होती तेव्हा...”



“मोबाईल जेवणाच्या टेबलावर होता. क्लारा शेजारीच होती. सगळं ऐकलं तिनं. उठून भांडी घासायला गेली.” सॅमीचा आवाज उतरला होता. “लग्न तोंडावर आलंय. मी गप्प बसतो, तूही बस.”

आलोशियसनं तिथल्या तिथे पासवर्ड बदलला. पण बोललेलं कसं बदलणार? क्लाराच्या गाण्यावर त्याचं स्वतःचं लग्न लागलं होतं. ते आठवलं आणि त्याचे कान तापले.

रविवारी चर्चबाहेर फ्लॉसी समोरून आली. त्यानं हात केला. तिनं गालाला रुमाल लावला आणि मान फिरवली! संपलं. हिला कळलं! आलोशियस तडक तिच्या घरी गेला आणि उंबऱ्यातच हात जोडले.

“फ्लॉसी, माफ कर! माझ्या मूर्खपणामुळे क्लारानं सगळं ऐकलं!”

फ्लॉसीनं रुमाल हळूच खाली घेतला. गाल टम्म सुजला होता.

“मी काल दाढ काढलीय,” ती फुसफुसली. “क्लारानं काय ऐकलं?”

आता सांगण्यावाचून सुटका नव्हती. ऐकता ऐकता फ्लॉसी खुर्चीत बसली. मग जीनाच्या खोलीकडे बघत उठली. “चल. दोघंही जाऊ.”

सॅमीच्या घरी क्लारानंच दार उघडलं. फ्लॉसी सुजल्या गालानं रडली. आलोशियसला तर नजर वर करवेना. “क्लारा, गिऱ्हाइकाला खूश करायला बोललो. लाज वाटते,” एवढंच तो म्हणाला.

क्लारानं फ्लॉसीला हाताला धरून आत बसवलं. “पोरांचं लग्न आहे गं. रडू नको.” आलोशियसला मात्र ती बसा म्हणाली नाही.

“मलाही लग्नात घालायला गाऊन शिवायचाय,” ती अखेर म्हणाली.

आलोशियस हरखला. “उद्याच दुकानात या! फुकट शिवतो!”

“दुकानात? नको. तुम्हीच मापाची फीत घेऊन इथे या,” क्लारा शांतपणे म्हणाली. “आणि आलोशियस, मोबाईल बाहेर चपलांपाशी ठेवा.”