वरच्या काकूंची हरकत

भूगोलाच्या निवृत्त मास्तरांकडे रोज संध्याकाळी पत्त्यांचा अड्डा जमे. बैठकीत हशा पिकला की मास्तरीणबाई स्वयंपाकघरातून हात पुसत यायच्या आणि काय झालं म्हणून विचारायच्या. तोवर विनोद शिळा झालेला असायचा. शेवटी एके दिवशी त्या म्हणाल्या, "अहो, ही मधली भिंत काढून टाका. माझ्याच घरात मला सगळं अर्धवट ऐकू येतं."

मास्तरांच्या ते जिव्हारी लागलं. त्यांनी नगरपालिकेत अर्ज केला. इंजिनिअर आला, भिंतीवर टकटक करून, तिच्यावर कसलाच भार नाही, असं सांगून गेला. आता फक्त वरच्या मजल्याची संमती हवी होती.

वर एक निवृत्त नर्स राहत. सगळे त्यांना काकू म्हणत. भिंत गेली तर आपण एक दिवस पलंगासकट मास्तरांच्या डावात येऊन पडू, अशी त्यांची खात्री होती. जन्मभर नकाशे समजावलेले मास्तर घराचा नकाशा घेऊन वर गेले. काकूंनी तो बघितलासुद्धा नाही.

"पेशंट बघितल्याशिवाय मी सही करत नाही," त्या म्हणाल्या.

मग त्या भिंत तपासायला खाली येऊ लागल्या. हात फिरवून, कान लावून झाला की मास्तरीणबाई चहा टाकायच्या आणि काकू हॉस्पिटलातले किस्से सांगायच्या. किस्सा संपायचा नाही, त्यामुळे तपासणीही दुसऱ्या दिवसावर जायची.

हळूहळू हशा आतून येऊ लागला. बाहेर पत्ते हातातच राहायचे. एकदा मास्तर दारात जाऊन काय झालं म्हणून विचारते झाले.

"काही नाही हो, तुमचं चालू द्या," मास्तरीणबाई डोळे पुसत म्हणाल्या.

अखेर काकूंनी सही केली. परवानगी मिळताच मास्तर स्वतः धावत जाऊन गवंड्याला घेऊन आले. गवंड्यानं हातोडा काढला, तर मास्तरीणबाई भिंतीला पाठ लावून उभ्या.

"राहू दे ती. जरा आडोसा बरा असतो."

"अगं, पण तूच मागे लागली होतीस ना?"

"तेव्हा मी आत एकटी होते."

मास्तरांनी गवंड्याला हात जोडले. गवंडी आल्या पावली परत गेला. त्या संध्याकाळी डाव लवकर मोडला. मास्तर स्वयंपाकघराच्या दाराशी जाऊन खाकरले आणि मीही बसू का जरा, असं त्यांनी विचारलं. दोघींनी एकमेकींकडे पाहिलं.

"बसा," मास्तरीणबाई म्हणाल्या, "पण चहा तुम्ही करायचा."

मास्तरांनी जन्मात पहिल्यांदा चहा टाकला. तो इतका बरा झाला, की दुसऱ्या दिवशी विचारायच्या आधीच त्यांना आत यायची परवानगी मिळाली.