सोवळ्यातली फ्लॉपी

अण्णा सप्र्यांच्या खोलीत शिरायचं तर आधी तोंडातलं पान थुंकून यावं लागे. बनारसमध्ये अशी अट घालायला छाती लागते. आमच्या संख्याशास्त्र विभागाचे प्रमुख चूळ भरून, चपला काढून, हात धुऊन दारात उभे राहत. अण्णा त्यांचे तळहात उलटसुलट करून बघत आणि मगच आत घेत. त्या खोलीत विभागाचा एकुलता एक कॉम्प्युटर होता आणि अण्णा त्याचे ऑपरेटर होते. त्यांना पुजारी म्हटलं असतं तरी त्यांनी हरकत घेतली नसती.

त्या मशीनला हार्ड डिस्क नव्हती. जे जपायचं ते फ्लॉपीवर. फ्लॉपी म्हणजे काळ्या, पातळ, तळहाताहून थोड्या मोठ्या चौकोनी कवचातली चकती. तिला एक उघडी खाच असे आणि त्या खाचेत बोट लागलं की आतला मजकूर गेलाच म्हणून समजा. अण्णा बालाजी घाटाजवळच्या भिक्षुकाच्या घरात वाढलेले, त्यांना हे कुणी समजावून सांगावं लागलं नाही. "सोवळ्यात आहे ती," ते सगळ्यांना बजावत, "कडेने धरा."

एका फ्लॉपीत तीनशे साठ के मावत. काना-मात्रा धरून हजारेक खुणा म्हणजे एक के. अख्खी गीता एका फ्लॉपीत सहा वेळा मावते, हे अण्णांनी मोजून ठेवलं होतं. मग माणसंही त्याच मापाने मोजली जाऊ लागली. प्रमुखांचं भाषण संपलं की अण्णा माझ्या कानाशी लागत : "बोलले अर्धी फ्लॉपी, ठेवण्यासारखं दोन के." एकदा मी साताऱ्याहून आलेलं आईचं पत्र त्यांना वाचून दाखवलं. ते म्हणाले, "चार के. पण सगळे ठेवा."

मशीनची स्वतःची आठवण वीज असेपर्यंतच टिके, आणि बनारसच्या विजेबद्दल काय बोलावं. त्यामुळे दर पाच मिनिटांनी "सेव्ह केलंत?" हा प्रश्न ठरलेला. ही सवय खोलीबाहेरही गेली. उद्या अर्धा लिटर दूध जास्त लागेल असं सांगून ते दूधवाल्याला विचारत, "सेव्ह किया?" दूधवालाही मुरलेला होता. "हो गया, पंडितजी," म्हणून तो पुढे निघे.

मी त्यांच्याच घरी वरच्या खोलीत भाड्याने राहत होतो. खाली अण्णा आणि त्यांची थोरली बहीण, अक्का. अण्णा ब्रह्मचारी. अक्का त्यांच्याहून पंधरा वर्षांनी मोठ्या, सोळाव्या वर्षी विधवा होऊन माहेरी आलेल्या आणि तिथेच राहिलेल्या. काशीतल्या मराठी घरांतली लग्नाची, मंगळागौरीची, गंगापूजनाची गाणी अक्कांना तोंडपाठ होती. निम्मी ओळ मराठी तर निम्मी हिंदी, अशी. गल्लीतल्या पोरी आता हिंदीतच बोलतात, ही गाणी कोण म्हणणार? म्हणून अण्णांनी स्वतःची फ्लॉपी विकत आणली आणि गाणी उतरवून घ्यायला दर रविवारी ते अक्कांना विद्यापीठात नेऊ लागले.

ती स्वारी बघण्यासारखी असे. नऊवारी नेसलेल्या अक्का अण्णांचा हात धरून गल्लीतून मोठ्या रस्त्यावर येत आणि तिथून रिक्षा. कित्येक वर्षांत त्या घाट आणि देऊळ यांच्यापलीकडे गेल्या नव्हत्या. परत आल्या की कुठे नवं दुकान झालं, कुठला सिनेमा लागला, हे मला जिन्यात गाठून सांगत. मला त्यांच्या रविवारचा हेवा वाटे.

असं वर्षभर चाललं. एकशे ब्याण्णव के झाले आणि एका रविवारी अक्का अण्णांना म्हणाल्या, "दामू, आता मी खाली झाले. एकही गाणं उरलं नाही."

रिक्षा बंद झाली. अक्का खिडकीत बसू लागल्या. नुसतं फिरून येऊ, असं अण्णांनी दोन-तीनदा म्हणून पाहिलं, पण कामाशिवाय रिक्षात बसणं अक्कांना पटेना. दोन महिने त्या घरात बोलणं म्हणजे भाजी कुठली आणि किल्ली कुठे, एवढंच उरलं.

मग दसरा आला. सरस्वतीपूजनासाठी अण्णांनी ती फ्लॉपी घरी आणून कागदी पाकिटासकट पाटावर ठेवली आणि ते स्नानाला गेले. पूजा झाकून कशी करायची, म्हणून अक्कांनी तिला पाकिटातून काढलं. ती खाच त्यांना कुंकवासाठीच ठेवलेली जागा वाटली. त्यांनी तिथे ओलं कुंकू लावलं आणि वर पळीभर गंगाजल सोडलं. मी प्रसादासाठी खाली उतरलो तोवर सगळं होऊन गेलं होतं. अण्णा ओल्या अंगाने दारात उभे होते. आता घर डोक्यावर घेतात, असं मला वाटलं.

ते हळूच पाटासमोर बसले. "अक्का, गेलं सगळं."

अक्कांचा हात पळीवरच राहिला. "सगळं?"

"पुन्हा सांगावं लागेल. पहिल्यापासून."

अक्कांनी पळी खाली ठेवली. मग पदर खोचत म्हणाल्या, "रविवारची रिक्षा सांगून ठेव."

सुट्टी संपल्यावर मी विभागातल्या त्यांच्या खोलीत अण्णांचं सांत्वन करायला गेलो. माझं बोलणं अर्ध्यावर असतानाच त्यांनी कपाट उघडलं. आत दोन फ्लॉप्या होत्या. दोन्हींवर अक्कांचे एकशे ब्याण्णव के, जसेच्या तसे.

मला रागच आला. म्हातारीला उगाच अपराधी का वाटू द्यायचं, असं मी विचारलं. अण्णांनी कपाट लावून घेतलं.

"घरात आम्ही दोघंच, प्रोफेसर," ते म्हणाले. "ती गप्प झाली की मला कोण आहे?"

पुढच्या रविवारी माझे काही तक्ते छापायचे होते, म्हणून मीही गेलो. अक्का मशीनशेजारी ऐटीत बसल्या होत्या आणि अण्णा त्यांची माहीत असलेली गाणी नव्याने टाइप करत होते. मध्येच अक्का थांबल्या. एक गाणं मागच्या खेपेला सांगायचं टाळलं होतं, असं म्हणाल्या. आई गेली तेव्हा अण्णा दीड वर्षाचे होते. त्यांना निजवायला अक्कांनी ते स्वतःच जुळवलं होतं.

"घरातलंच फालतू गाणं. त्याला कशाला जगह अडवायची?" त्या म्हणाल्या. "सांगू आता?"

"सांग," अण्णा म्हणाले.

लिहून घेता यावं म्हणून ओळीओळीला थांबत, बारीक आवाजात अक्कांनी ते पुरं म्हटलं. मग विचारलं, "लिहिलंस?"

"नीट ऐकू नाही आलं. पुन्हा म्हण."

त्यांनी पुन्हा म्हटलं. मी मागेच उभा होतो, मला पडदा दिसत होता. त्यावर एक अक्षरही उमटलं नव्हतं.

"अजून एकदा," अण्णा म्हणाले.